लांडगा-माणसाला जन्म देणारा निर्वासित लेखक

मुलांनो, आधी एक कोडे सोडवा. सिनेमातल्या माणसाचा लांडगा केव्हा होतो? "पौर्णिमेच्या रात्री!" असे तुम्ही एका सुरात म्हणाल. तो मरतो कशाने? "चांदीने!" आणि मुळात तो लांडगा होतो कशामुळे? "दुसरा लांडगा-माणूस चावल्यामुळे!" शाब्बास. आता चौथा प्रश्न, आणि हा तुमच्या सबा-सव्तांनाही आहे. हे नियम केले कोणी?

इथे बहुतेक सगळे गप्प बसतील. कोणी म्हणेल, असतील पूर्वापार चालत आलेले, आपल्या कोकणातल्या मुंजा-हडळीसारखे. पण तसे नाही. हे नियम ज्या रूपात आज जगभर माहीत आहेत, ते रूप त्यांना १९४० च्या दशकात हॉलिवूडमध्ये एका पगारी लेखकाने दिले. तो जर्मनीतून जीव वाचवून आलेला ज्यू होता. त्याचे नाव कर्ट सिओडमाक. लांडगा-माणूस घराघरांत पोचला, त्याला लिहिणारा मात्र श्रेयनामावलीतल्या बारीक अक्षरांत राहिला. या लेखात त्यांचीच ओळख करून घेऊ या.

बर्लिनमधले दिवस

कर्ट सिओडमाक यांचा जन्म १० ऑगस्ट १९०२ रोजी जर्मनीतल्या ड्रेस्डेन शहरात एका ज्यू कुटुंबात झाला. थोरला भाऊ रॉबर्ट दोनच वर्षांनी मोठा. दोघेही पुढे सिनेमात गेले. रॉबर्ट दिग्दर्शक झाले आणि कर्ट लेखक. कर्ट यांचे शिक्षण गणिताचे, पण आकड्यांपेक्षा गोष्टींचीच ओढ जास्त! तरुणपणी ते वर्तमानपत्रांसाठी बातमीदारी करीत. फ्रिट्झ लँग यांच्या 'मेट्रोपोलिस' या प्रचंड मूकपटाचे चित्रण बर्लिनजवळ चालू होते, पण बाहेरच्या बातमीदाराला आत जाऊ देतो कोण? मग सिओडमाक यांनी शक्कल लढवली. सिनेमातल्या गर्दीत उभे राहणारे 'एक्स्ट्रा' म्हणून ते आत शिरले आणि बातमी घेऊनच बाहेर आले.

१९३० मध्ये काही तरुणांनी मिळून 'रविवारची माणसे' अशा अर्थाच्या नावाचा एक छोटा चित्रपट काढला. बडे नट नाहीत, मोठा स्टुडिओ नाही. सुटीच्या दिवशी तळ्याकाठी मजा करणारी साधी बर्लिनकर माणसे, एवढाच विषय. मूळ कल्पना कर्ट यांची, आणि पुस्तकांतून मिळालेले थोडे पैसेही त्यांनी त्यात घातले. दिग्दर्शनात रॉबर्ट होते आणि एडगर उल्मर होते, पटकथा बिली वाइल्डर यांची, कॅमेऱ्याकडे मदतीला फ्रेड झिनेमान. ही सारी ज्यू मुले. काही वर्षांतच ही सगळी जर्मनीबाहेर पडली आणि हॉलिवूडमध्ये नामवंत झाली. त्या चित्रपटात बर्लिनचा जो शांत रविवार दिसतो, तसा रविवार त्यांच्या नशिबी तिथे पुन्हा आला नाही.

कर्ट यांना मोठे नाव मिळवून दिले ते एका कादंबरीने. अटलांटिक महासागराच्या मधोमध एक तरंगता तळ बांधायचा, म्हणजे लांब पल्ल्याची विमाने तिथे उतरून इंधन भरतील, अशी त्यातली कल्पना. १९३२ मध्ये त्यावर चित्रपट निघाला. गंमत पाहा, तोच चित्रपट जर्मन, इंग्रजी आणि फ्रेंच अशा तीन भाषांत, वेगवेगळे नायक घेऊन, चित्रित झाला. तिशीतल्या लेखकाला आणखी काय हवे?

"मला जायलाच हवे"

पण १९३३ साल उजाडले. हिटलर सत्तेवर आला. सिनेमाचा कारभार प्रचारमंत्री गोबेल्सच्या हातात गेला. त्याचे ज्यूंविरुद्ध आग ओकणारे एक भाषण सिओडमाक यांनी ऐकले आणि तिथेच निर्णय केला, आता इथे राहायचे नाही. "थोडे थांबून पाहू, हेही दिवस जातील," असे म्हणणारे त्या वेळी खूप होते. थांबलेल्यांचे पुढे काय झाले, ते या पानावर सांगायची गरज नाही.

ते आधी युरोपात भटकले, मग इंग्लंडला गेले. तिथे १९३५ मध्ये समुद्राखालून इंग्लंड ते अमेरिका बोगदा खणण्याच्या कथेवरील 'द टनेल' या चित्रपटासाठी त्यांनी लेखन केले. १९३७ मध्ये ते अमेरिकेला पोचले. वय पस्तीस. आजवर सारे लिहिले ते जर्मन भाषेत, आणि आता पोटासाठी इंग्रजीत लिहायचे! आपल्यापैकी ज्यांनी पस्तिशी-चाळिशीत उलपानच्या बाकावर बसून अलेफ-बेत गिरवली, त्यांना हे वेगळे समजावून सांगायला नको. भाजीवाल्याशी बोलण्यापुरती नवी भाषा येणे निराळे आणि त्या भाषेत लोकांना रडवणे, घाबरवणे निराळे.

ते युनिव्हर्सल स्टुडिओत लागले. ही कंपनी काढणारे कार्ल लेम्ली हेही जर्मनीतून आलेले ज्यूच. १९३६ मध्ये कंपनी त्यांच्या हातून गेली, तरी आपल्या जुन्या गावच्या आणि आसपासच्या अनेक ज्यूंना हमीपत्रे देऊन त्यांनी अमेरिकेत आणवले होते. युनिव्हर्सलचा हुकमी माल म्हणजे भयपट. ड्रॅक्युला, फ्रँकेनस्टाइन, ममी, अदृश्य माणूस ही सारी मंडळी तिथलीच. सिओडमाक यांच्या वाट्याला आधी अदृश्य माणसाचे पुढचे भाग आले. मग १९४१ मध्ये त्यांना काम मिळाले 'द वुल्फ मॅन'चे.

गोष्ट लॅरीची

ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी गोष्ट थोडक्यात सांगतो. लॅरी टॅलबट हा भला तरुण अठरा वर्षांनी परदेशातून वेल्समधल्या वडिलांच्या वाड्यात परततो. एका दुकानातून तो एक काठी विकत घेतो. तिची मूठ चांदीची, तिच्यावर लांडग्याचे तोंड आणि पाच टोकांची चांदणी. एका रात्री जंगलात एका मुलीला वाचवायला तो धावतो. काठीने लांडग्याला मारतो, पण त्या झटापटीत लांडगा त्याला चावतो. सकाळी पाहतात तो तिथे लांडगा नाही, भविष्य सांगणाऱ्या एका भटक्या माणसाचे प्रेत आहे. त्या माणसाची म्हातारी आई लॅरीला सांगते, बाबा रे, आता तुझीही सुटका नाही.

पुढे रात्री लॅरीचा लांडगा होतो, सकाळी तो पुन्हा माणूस होतो आणि आपल्या हातून काय घडले ते आठवून तळमळतो. ज्याचा बळी जायचा असेल त्याच्या तळहातावर त्याला ती चांदणी दिसते. तो ओरडून सांगतो, मला बांधून ठेवा. कोणी ऐकत नाही. डॉक्टर म्हणतात, मनाचा आजार आहे. वडील म्हणतात, माझा मुलगा असा असूच शकत नाही. शेवटी लॅरी स्वतःची काठी वडिलांच्या हाती देतो, आणि त्याच काठीने वडील जंगलात एका लांडग्याला ठार करतात. त्यांच्या डोळ्यांदेखत त्या लांडग्याचा चेहरा त्यांच्या मुलाचा होतो.

सत्तर मिनिटांचा सिनेमा. दिग्दर्शक जॉर्ज वॅगनर, लॅरी झाले लॉन चेनी ज्युनियर, वडील क्लॉड रेन्स, म्हातारी मारिया उस्पेन्स्काया, आणि केसाळ चेहऱ्याची रंगभूषा जॅक पियर्स यांची. डिसेंबर १९४१ मध्ये, पर्ल हार्बरवर बॉम्ब पडल्यानंतर अवघ्या काही दिवसांत तो लागला. जगात खरे युद्ध पेटले असताना हा खोटा लांडगा पाहायला कोण येणार, अशी धास्ती होती. पण लोक आले, आणि खूप आले.

सिनेमात एक छोटी कविता पात्रे पुन्हा पुन्हा म्हणतात. भल्या माणसावरही ही आपत्ती येऊ शकते, असा तिचा भावार्थ. पुष्कळ जणांना ती युरोपातली जुनी लोककविता वाटते. ती लिहिली सिओडमाक यांनीच! जर्मनीतून आलेल्या माणसाने इंग्रजीत चार ओळी लिहिल्या आणि लोकांनी त्या शेकडो वर्षांच्या समजल्या. परक्या भाषेत लिहिणाऱ्याला याहून मोठे बक्षीस कोणते?

न्यायाने बोलायचे तर सगळेच त्यांनी हवेतून काढले असे नाही. युरोपात लांडगा-माणसाच्या गोष्टी फार जुन्या आहेत. पण त्या गोष्टींत बहुधा माणूस लांडग्याचे कातडे पांघरून, अंगाला लेप लावून किंवा सैतानाशी करार करून स्वतःच लांडगा होतो. चांदीच्या गोळीच्या कथाही इथे-तिथे होत्या. चावल्याने लांडगा होणे आणि पौर्णिमा या दोन्ही गोष्टी युनिव्हर्सलच्याच १९३५ च्या एका चित्रपटात येऊन गेल्या होत्या, पण तो फारसा गाजला नाही. सिओडमाक यांनी हे सुटे मणी एका दोऱ्यात ओवले. १९४१ च्या चित्रपटात तर पौर्णिमेचा आग्रहही नव्हता. ती आली १९४३ च्या दुसऱ्या भागात, आणि तिथून कायमचीच झाली.

आता आपल्या जुन्या मंडळींनी जरा आठवून पाहावे. अलिबाग-रेवदंड्याकडे भुतांची रात्र कोणती? अमावास्या! पौर्णिमेच्या टिपूर चांदण्यात भूत कशाला येईल? आणि भूत घाबरते ते लोखंडाला, म्हणून बाळंतिणीच्या उशाखाली अडकित्ता किंवा सुरी ठेवत. तरीही १९९२ मध्ये महेश भट्ट यांच्या 'जुनून' या हिंदी चित्रपटात राहुल रॉय यांचा वाघ झाला तो पौर्णिमेला. हॉलिवूडचा नियम समुद्र ओलांडून मुंबईला पोचला, आणि आपल्या अमावास्येला कोणी विचारलेही नाही!

लांडगा कोण?

आता मुद्द्याची गोष्ट. ड्रॅक्युला दुष्ट आहे आणि दुष्टपणात त्याला आनंद आहे. लॅरी तसा नाही. त्याचा गुन्हा काहीच नाही. एका रात्रीत त्याच्यावर एक ठसा बसतो आणि तिथून तो माणसांतून उठतो. म्हातारपणी मुलाखतींत सिओडमाक सांगत की लांडगा-माणूस म्हणजे मीच. जर्मनीत ज्यू असणे हे जे नशीब त्यांच्यावर लादले गेले, त्याच्याशी ते लॅरीच्या नशिबाचे नाते जोडत.

हे वाचल्यावर ती चांदणी वेगळी दिसू लागते. सिनेमातली पाच टोकांची आहे, आपली सहा टोकांची. पण ज्याच्या अंगावर ती दिसेल त्याचा बळी जाणार, ही कल्पना १९४१ मध्ये आली, आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये जर्मनीतल्या ज्यूंना कपड्यावर पिवळा तारा लावण्याची सक्ती झाली. लेखकाने हे मोजूनमापून केले असेच म्हणायला हवे असे नाही. मनात जे खदखदत असते ते लेखणीतून उतरतेच.

पण गोष्टीला दुसरी बाजूही आहे, आणि तीच मोठी आहे असे आम्हाला वाटते. लॅरी बळी आहे तसा तो मारणाराही आहे. दिवसा "गुड मॉर्निंग" म्हणणारा सभ्य शेजारी रात्री लांडगा होतो, हे सिओडमाक यांनी कुठे पाहिले असेल? काल ज्यांच्याबरोबर तळ्यावर पोहायला जायचे, तीच माणसे एका भाषणानंतर दात दाखवू लागली. हिटलरला स्वतःला 'वुल्फ', म्हणजे लांडगा, हे नाव आवडे. त्याच १९४१ मध्ये वापरात आलेल्या त्याच्या पूर्व प्रशियातल्या युद्धठाण्याच्या नावातही लांडगाच होता. मग या गोष्टीतला लांडगा कोण? ज्याला हाकलले तो, की ज्याने हाकलले तो? सिनेमा उत्तर देत नाही. मुलांनो, तुम्हीच विचार करा.

एका मोटारीची गंमत

फार गंभीर झालो, आता थोडे हसू या. सिओडमाक स्वतः सांगत ती ही हकिकत. १९४२ च्या सुमारास त्यांना मोटार घ्यायची होती, पण हातात पुढचे काम नव्हते. स्टुडिओच्या कँटीनमध्ये वॅगनर भेटले, तेव्हा त्यांनी सहज थट्टा केली, "फ्रँकेनस्टाइन आणि लांडगा-माणूस यांची गाठ घालून द्या की!" नावातही त्यांनी शब्दांचा असा खेळ केला की ऐकणाऱ्याला हसू यावे. वॅगनर हसले नाहीत. थोड्या दिवसांनी त्यांनी विचारले, मोटार घेतलीत का? मग घ्या, ती गोष्ट तुम्हीच लिहायची आहे! थट्टेतून निघालेला तो चित्रपट १९४३ मध्ये लागला.

त्यात फ्रँकेनस्टाइनचा राक्षस आंधळा असतो आणि बोलतो, असे सिओडमाक यांनी लिहिले होते. राक्षस झालेले बेला लुगोसी म्हणूनच हात पुढे करून चाचपडत चालले. नंतर स्टुडिओने राक्षसाचे सगळे संवाद कापून टाकले, आणि त्याबरोबर तो आंधळा असल्याचा खुलासाही गेला. उरली ती नुसती हात पुढे करून चालण्याची ढब! पुरीमला आपली पोरे राक्षसाचा वेष घालून हात ताठ करून चालतात ना? त्या ढबीमागे एका लेखकाची कापून टाकलेली वाक्ये आहेत.

त्याच वर्षी आला 'सन ऑफ ड्रॅक्युला'. त्यातला सरदार आपले नाव 'अलुकार्ड' असे सांगतो. मुलांनो, इंग्रजीत 'ड्रॅक्युला' लिहा आणि उलटे वाचा! कथा कर्ट यांची, दिग्दर्शक भाऊ रॉबर्ट. पण पटकथेचे काम रॉबर्टने दुसऱ्या लेखकाकडे सोपवले, आणि ती सल कर्ट यांच्या मनात राहिली. भावाभावांचे हे असे असते. रॉबर्ट पुढे 'द किलर्स'सारख्या चित्रपटांमुळे खूप नावाजले गेले.

कर्ट मात्र लिहीत राहिले. १९४३ मध्ये निर्माते व्हॅल ल्यूटन, हेही याल्टात जन्मलेले ज्यू, यांच्या 'आय वॉक्ड विथ अ झाँबी'च्या पटकथेत त्यांचा हात होता. १९४६ मध्ये 'द बीस्ट विथ फाइव्ह फिंगर्स'मध्ये त्यांनी एक तुटलेला हात घरभर फिरवला. त्यांची 'डोनोव्हन्स ब्रेन' ही १९४२ ची कादंबरी तर फारच गाजली. विमान अपघातात मेलेल्या एका धनाढ्याचा मेंदू शास्त्रज्ञ काचेच्या भांड्यात जिवंत ठेवतो, आणि हळूहळू तो मेंदूच शास्त्रज्ञाला राबवू लागतो. ऑर्सन वेल्स यांनी ती १९४४ मध्ये रेडिओवर सादर केली, आणि तिच्यावर निदान तीन चित्रपट निघाले. १९५३ च्या चित्रपटात नॅन्सी डेव्हिस होत्या, म्हणजेच नॅन्सी रेगन!

बारीक अक्षरांतले नाव

१९५० च्या दशकात त्यांनी स्वतः काही चित्रपट दिग्दर्शित केले, पण ते बेताचेच. शेवटची अनेक वर्षे ते कॅलिफोर्नियातल्या थ्री रिव्हर्स या डोंगराळ गावी राहिले. १९९७ मध्ये अमेरिकेच्या टपाल खात्याने सिनेमातल्या राक्षसांची तिकिटे काढली, त्यात लांडगा-माणूसही होता. चेहरा अर्थात लॉन चेनी यांचा. लेखकाचे तिकीट कोण काढतो? १९९८ मध्ये बर्लिनच्या चित्रपट महोत्सवाने दोघा सिओडमाक भावांच्या चित्रपटांचा खास विभाग भरवला. ज्या शहराने हाकलले, त्याने पासष्ट वर्षांनी आठवण काढली. २ सप्टेंबर २००० रोजी, अठ्ठ्याण्णव वर्षांचे होऊन, कर्ट सिओडमाक वारले. त्यांचे आत्मचरित्र पुढच्या वर्षी इंग्रजीत पुस्तकरूपाने आले. लांडगा-माणूस मात्र म्हातारा होत नाही. २०१० आणि २०२५ मध्येही त्याच्यावर नवे चित्रपट निघाले.

लेखक विसरले जाण्याचा अनुभव आपल्यालाही आहे. १९३१ चा 'आलम आरा' हा हिंदुस्थानचा पहिला बोलपट. त्याचे दिग्दर्शक अर्देशिर इराणी यांचे नाव सगळ्यांना पाठ असते. पण त्याची कथा बेने इस्रायल समाजाच्या जोसेफ डेव्हिड पेणकरांच्या लेखणीतून आली, हे आपल्या किती नातवंडांना ठाऊक आहे?

तेव्हा सबा-सव्तांनो, एक काम करा. एखाद्या संध्याकाळी नातवंडांना 'द वुल्फ मॅन' दाखवा. चित्रपट काळा-पांढरा आहे, रक्तपात फारसा नाही, बारा वर्षांपुढच्या मुलांना चालेल. संपला की अमावास्येची, तिठ्यावरच्या उताऱ्याची आणि उशाखालच्या अडकित्त्याची एक गोष्ट तुमच्याकडची सांगा. आणि मराठीतच सांगा. अडेल तिथे पोरे विचारतील, आणि विचारतील तेवढी मराठी त्यांच्याकडे जाईल.